तिकीट संध्याकाळी पाचचं काढा, बाई

प्रश्न : मी एकसष्ट वर्षांची आहे. नाशिकमधल्या एका शाळेतून चित्रकला शिक्षिका म्हणून निवृत्त झाले, गंगापूर रोडला राहते. येत्या सप्टेंबरात आम्ही दोघं एका ग्रुप टूरबरोबर युरोपला जाणार आहोत. पॅरिसला दोन रात्री मुक्काम आहे, पण कार्यक्रमात लूव्र संग्रहालयापुढे फक्त ‘बाहेरून दर्शन व फोटो’ असं लिहिलंय. जन्मभर वर्गात जुन्या कॅलेंडरच्या पानावरची मोनालिसा मुलांना दाखवली. आता तिच्या दारापर्यंत जाऊन परत फिरायचं जिवावर आलंय. ग्रुप सोडून आपलं आपण आत जाता येईल का? मुलगा म्हणतो, “तिथे वेळेचं तिकीट असतं, तुम्हाला झेपायचं नाही, हरवाल.” ह्यांचे गुडघे दुखतात. ते नाशिक रोडच्या नोट प्रेसमधून निवृत्त झाले. त्यांचं म्हणणं, “चित्रं मोबाइलवर दिसतात की, एवढे पैसे कशाला?” इंग्रजी कामापुरतं येतं, फ्रेंच अजिबात नाही. काय करावं?

उत्तर :

बाई, जा. मुलाची काळजी मला कळते, पण वेळेचं तिकीट ही अडचण नव्हेच, ती तुमची सोय आहे. अडचणी दोन आहेत. एक टूरच्या वेळापत्रकात आणि दुसरी तुमच्या हौसेत. यजमानांना मी अडचणीत धरत नाही. त्यांच्यासाठी माझ्याकडे एक आमिष आहे, ते पुढे येईल.

आधी वेळापत्रक. टूर कंपनीला आजच फोन करा आणि पॅरिसमधले तुमचे दिवस कोणत्या वारी पडतात ते विचारा. मंगळवार असेल तर त्या दिवसाचा विषयच मिटला, कारण मंगळवारी लूव्र बंद असतं. एरवी सकाळी ९ ते संध्याकाळी ६ अशी वेळ आहे, पण बुधवारी आणि शुक्रवारी ते रात्री ९ पर्यंत उघडं राहतं. यातला एखादा वार वाट्याला आला तर दुसरा विचारच करू नका, संध्याकाळी पाचचं तिकीट काढा. सकाळी मोठमोठे ग्रुप झेंडे उंचावून आत शिरतात. संध्याकाळी ते जेवायला गेलेले असतात आणि दालनांना जरा श्वास मिळतो.

ग्रुप सोडून जायचंय हे टूर मॅनेजरला आयत्या वेळी बसमध्ये सांगू नका. निघण्यापूर्वी ईमेलवर लेखी कळवा : अमुक दिवशी दुपारनंतर आम्ही दोघं स्वतंत्र, हॉटेलवर आमचे आम्ही येऊ. बहुतेक टूर कंपन्यांना याची सवय असते. त्यांना फक्त बस थांबवून ठेवायची नसते. बदल्यात काय सोडायचं ते मात्र तुम्हालाच ठरवावं लागेल. परफ्यूमच्या दुकानातला तास गेला तर कोणी हळहळणार नाही. पण सीन नदीतली बोटीची फेरी नेमकी त्याच संध्याकाळी निघाली तर घरात वाद होणार. माझं मत विचाराल तर बोट सोडा. नदी पुलावरूनही दिसते आणि पूल लूव्रच्या दाराशीच आहेत. ग्रुपचं भारतीय जेवणही चुकेल, तेव्हा दुपारी पोटभर जेवून घ्या. टूरची हॉटेलं बहुधा शहराच्या कडेला असतात, म्हणून हॉटेलचं कार्ड पर्समध्ये हवंच. रात्री मेट्रोच्या भानगडीत न पडता टॅक्सी करा आणि ते कार्ड चालकापुढे धरा. संग्रहालयाकडे जाताना मेट्रोनं जायचं झालं तर पहिल्या आणि सातव्या लाइनवर ‘पॅले रोयाल – म्युझे दु लूव्र’ हे स्टेशन आहे. तिथून जमिनीखालच्या रस्त्यानं थेट संग्रहालयाकडे जाता येतं.

आता तिकीट. यजमान महाग म्हणतात ते खोटं नाही. जानेवारी २०२६ पासून युरोपबाहेरच्या पाहुण्यांना ३२ युरो पडतात, म्हणजे आपले साडेतीन हजारांच्या आसपास. पूर्वी सगळ्यांना २२ युरोच होते. ज्येष्ठ नागरिक म्हणून सवलत मिळेल अशी आशा धरू नका. तिकीट संग्रहालयाच्या स्वतःच्या साइटवरच काढा. गुगलवर वरच्या ओळींत दिसतात त्या बऱ्याचदा दलालांच्या जाहिराती असतात, ते त्याच तिकिटाचे दीडपट पैसे लावतात. पत्त्यात ‘लूव्र’ आणि शेवटी ‘डॉट एफआर’ आहे का ते मुलाला नीट बघायला सांगा. (हरवाल म्हणतो ना, मग एवढं काम त्याच्याकडेच द्या.) पैसे भरताना कार्ड नाकारलं गेलं तर घाबरू नका. रिझर्व्ह बँकेच्या नियमामुळे आपल्या कार्डांवर परदेशी व्यवहार मुळात बंद असतात. बँकेच्या अॅपमध्ये जाऊन ते सुरू करायचे आणि काम झालं की पुन्हा बंद करायचे. वेळ चोवीस तासांच्या घड्याळात असते, पाच म्हणजे १७:००. तिकीट परत होत नाही आणि बदलूनही मिळत नाही. म्हणून टूर कंपनीकडून वार पक्का झाल्याशिवाय पैसे भरू नका. वार पक्का झाला की मात्र रेंगाळू नका, चांगल्या वेळा आधी संपतात.

आणि ज्याची मुलाला धास्ती वाटते ते हे : १७:०० ही फक्त आत शिरायची वेळ आहे. त्या वेळेपासून अर्ध्या तासात दाराशी पोचायचं. एकदा आत गेलात की दिवे मालवेपर्यंत तुमचंच राज्य. आपल्याकडे त्र्यंबकेश्वरला पास काढून गेलं तरी गाभाऱ्यासमोर “चला, पुढे चला” म्हणणारं कोणीतरी असतंच. इथे तसं म्हणणारं माणूस फक्त मोनालिसाच्या दालनात भेटेल. एका चित्रासमोरच्या बाकावर अर्धा तास बसलात तरी कोणी उठवत नाही. काचेच्या पिरॅमिडपाशी वेळेनुसार रांगा असतात. तुमच्या वेळेची पाटी बघून तिथे उभं राहायचं, सामान तपासून घ्यायचं आणि सरकत्या जिन्यानं खाली उतरायचं. फ्रेंचची गरज कुठेच पडत नाही. मात्र संग्रहालयातून बाहेर पडलात की त्याच तिकिटावर परत आत घेत नाहीत, म्हणून ‘जरा बाहेर चहा घेऊन येऊ’ हा बेत करू नका. तिकीट मोबाइलमध्ये असलं तरी कागदावरही छापून घ्या. परक्या देशात मोबाइलची बॅटरी नेमकी रांगेत संपते.

आता तुमची हौस. तिचीच मला जास्त भीती वाटते. लूव्रमध्ये सुमारे ३५,००० वस्तू मांडलेल्या आहेत. देनाँ, सुली आणि रिशलिए अशा तीन बाजूंना मजल्यांवर मजले पसरलेत. तुम्ही जन्मभर ज्यांची नावं फळ्यावर लिहिली ते सगळे तिथे एकाच छताखाली आहेत. ‘एवढ्या लांब आलोच आहोत तर’ असं म्हणून तुम्ही सगळीकडे धावाल आणि साडेसहाला कुठल्यातरी इजिप्शियन शवपेटीपाशी पाय चोळत बसाल. पाय थकतात त्याच्या आधी डोळे थकतात. तासाभरानंतर आपण चित्राऐवजी त्याच्या शेजारची पाटी वाचू लागतो, ती थकव्याची खूण. हे पॅरिसला जाऊन शिकण्यापेक्षा जवळच शिकून घ्या. एखाद्या दिवशी पंचवटी एक्स्प्रेसनं मुंबईला जा आणि काळा घोड्याच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात टाटांच्या संग्रहातली युरोपीय चित्रं बघा. किती वेळानं पाटीकडे मान वळायला लागते ते घड्याळावर पाहून ठेवा. यजमानांनाही न्या, त्यांचे गुडघे कुठे कुरकुरतात ते तिथेच कळेल.

माझा सल्ला : एकच बाजू, एकच मजला. देनाँचा पहिला मजला. तुमच्या वर्गातली निम्मी यादी तिथेच आहे.

तिकीट दाखवून देनाँत शिरलात की दारू नावाच्या रुंद जिन्याकडे चला. (नावावरून यजमानांना हसू येईल, येऊ द्या.) जिन्याच्या माथ्यावर सॅमोथ्रेस या ग्रीक बेटावरच्या विजयदेवतेची मूर्ती उभी आहे, इसवी सनापूर्वी १९० च्या सुमाराची. डोकं नाही, हात नाहीत, पंख पसरून जहाजाच्या नाळेवर उतरलेली. १८६३ मध्ये ती तुकड्यांत सापडली. खालून फोटो काढून लोक पुढे पळतात, तुम्ही तसं करू नका. जिन्याच्या कडेला थांबून पोटावरचं वस्त्र बघा : वाऱ्यानं अंगाला चिकटलंय, त्यातून बेंबी दिसते आणि मांड्यांमध्ये त्याच्या चुण्या दाटल्यात. ‘ड्रेपरी’ शिकवताना आपण स्टुलावर चादर टाकून मुलांना बसवतो, त्याचा शेवट कुठे होतो ते इथे कळतं. आता दोन्ही पंख ताडून पाहा. डावा खरा आहे, उजवा त्याच्यावरून उलटा करून घडवलेला प्लास्टरचा. मान वर करून जरा वेळ पाहिलंत तर तुमच्या डोळ्याला फरक जाणवेल.

मोनालिसाकडे लगेच जाऊ नका, तिला शेवटी ठेवा. रात्री साडेआठपासून दालनं रिकामी करायला लागतात, तेव्हा साडेसात-पावणेआठला तिच्या दालनात पोचा. गर्दी तेव्हाही असेल, पण सकाळसारखी नाही. आणि काय अपेक्षा ठेवायची ते आधीच सांगून ठेवते. चित्र ७७ बाय ५३ सेंटिमीटरचं आहे. तुमच्या भाषेत सांगायचं तर जवळजवळ फुल इंपीरियल कागद. पोपलरच्या फळीवर रंगवलेलं, जाड काचेमागे, आणि तुम्ही कठड्याच्या अलीकडे, पुढच्यांचे मोबाइल डोक्यावर. त्या कॅलेंडरच्या पानावर तिचे हात जितके नीट दिसायचे तितके इथे कदाचित दिसणार नाहीत. ती १९११ मध्ये चोरीला गेली आणि १९१३ मध्ये फ्लॉरेन्सला सापडली. मधल्या काळात नुसती रिकामी भिंत पाहायलाही लोकांनी रांगा लावल्या होत्या, यातच तिच्या गर्दीचं कोडं सुटतं. तिला वेगळं दालन आणि वेगळं तिकीट देण्याची घोषणा फ्रान्सच्या अध्यक्षांनी जानेवारी २०२५ मध्ये केली, पण ते व्हायला वर्षं लागतील. तुम्ही रांगेतून पुढे सरका, तिला डोळे भरून पाहा आणि मग चक्क पाठ फिरवा.

समोरच्या भिंतीवर व्हेरोनेझेचं ‘काना गावचं लग्न’ आहे. लूव्रमधलं हे सगळ्यात मोठं चित्र, जवळपास पावणेसात मीटर उंच आणि दहा मीटर रुंद. १५६३ मध्ये ते व्हेनिसच्या एका मठाच्या भोजनगृहासाठी पुरं झालं आणि १७९७ मध्ये नेपोलियनच्या फौजांनी फ्रान्सला आणलं. सगळं जग त्याच्याकडे पाठ करून उभं असतं, त्यामुळे तुम्हाला ते मोकळं मिळेल. लग्नाची पंगत, वाढपी, कुत्री, वर सज्ज्यात मांस कापणारे. मधोमध वादकांचा ताफा आणि त्यांच्या पुढ्यातल्या टेबलावर एक वाळूचं घड्याळ. उजवीकडे एकजण मोठ्या रांजणातून लहान भांड्यात ओततोय. बायबलच्या गोष्टीत येशूनं या लग्नात पाण्याची दारू केली, ती नेमकी तिथे. शंभरावर माणसं आहेत आणि तरी येशू हरवत नाही. कसं साधलंय ते रेषा ओढून शोधा. इंटरमिजिएटच्या ‘संकल्पचित्रा’ला तुम्ही मुलांना तेच सांगत होता ना, नजर कुठून कुठे न्यायची ते?

रेषा ओढण्यावरून आठवलं. छोटी स्केचबुक आणि पेन्सिल बरोबर घ्या. कायमच्या संग्रहापुढे पेन्सिलीनं रेखाटन करायला तिथे आडकाठी नाही. फक्त वाट अडवायची नाही. ईझल लावून रंगात नक्कल करणाऱ्यांना मात्र परवाना लागतो, आणि त्यांच्यासाठी एक मजेशीर नियम आहे : नक्कल मूळ चित्राच्या मापाची असता कामा नये. फोटो काढायला परवानगी आहे, फ्लॅश आणि सेल्फी स्टिक चालत नाहीत. माझं ऐकाल तर फोटो थोडे काढा. विजयदेवतेच्या चुण्यांचं एक वाईट रेखाटन घरी आल्यावर पन्नास फोटोंपेक्षा जास्त सांगेल.

आता यजमानांचं आमिष. याच मजल्यावर ७०० क्रमांकाचं दालन आहे. तिथे देलाक्रुआचं १८३० सालचं चित्र आहे : तिरंगी निशाण उंचावून मढ्यांवरून पुढे येणारी बाई, शेजारी दोन्ही हातांत पिस्तुलं घेतलेला पोरगा. जुनं पिवळट वार्निश काढून २०२४ मध्ये ते पुन्हा टांगलंय, त्यामुळे निशाणाचा निळा आणि लाल आता झळझळीत दिसतो. यजमानांना सांगा, युरो येण्याआधी फ्रान्सची १०० फ्रँकची एक नोट होती. १९७९ पासून पुढे दीडेक दशक ती चालली आणि तिच्यावर देलाक्रुआ होता, त्याच्या मागे ही निशाणवाली बाई. १९२८ पासून नोटा छापणाऱ्या प्रेसमधून निवृत्त झालेल्या माणसाला हे ऐकून गप्प बसवणार नाही. नोट नाण्यांच्या व्यापाऱ्यांकडे आजही मिळते, फार महाग नाही. निघायच्या आधी एक मागवून त्यांच्या हातात ठेवा. ते भिंग काढून बारीक रेघा बघत बसतील आणि मग मूळ चित्र बघायला स्वतःच उठतील. ‘मोबाइलवर दिसतं’ हा मुद्दा तिथे टिकत नाही, कारण मूळ चित्र सव्वातीन मीटर रुंद आहे. त्याच दालनात जेरिकोचा ‘मेड्युसाचा तराफा’ आहे, तो याच्याही दुप्पट रुंद. त्यातली पुढची माणसं आपल्यापेक्षा मोठी आहेत.

तरीही त्यांचं मन झालं नाही तर ओढून नेऊ नका. चार वेळा “झालं का?” विचारणाऱ्या माणसाबरोबर चित्र बघता येत नाही, मग तो कितीही प्रेमाचा असो. समोरच्या तुइलरी बागेत हिरव्या लोखंडी खुर्च्या असतात, फुकट. सप्टेंबरात उजेडही बराच वेळ असतो, अंधार पडला की कॅफेत बसतील. मग तिकीट एकच काढा आणि भेटायची जागा व वेळ आधी ठरवा, ‘पिरॅमिडपाशी’ एवढं पुरत नाही, तो चौक केवढा तरी मोठा आहे. ते येणार असतील तर संग्रहालयात चाकाची खुर्ची विनाशुल्क मिळते, ती मागण्यात कमीपणा नाही. दारूच्या जिन्याला बऱ्याच पायऱ्या आहेत, तेव्हा आत शिरल्याबरोबर माहितीच्या टेबलवर नकाशा घ्या आणि लिफ्ट कुठल्या त्या खुणा करून मागा.

किरकोळ गोष्टी भराभर सांगते. ५५ बाय ३५ बाय २० सेंटिमीटरपेक्षा मोठी बॅग आत चालत नाही, खांद्याची पिशवी पुरे. दालनांत खायला-प्यायला बंदी आहे, चिवड्याची पुडी पर्समध्येच राहू दे. स्वच्छतागृहात पिरॅमिडखालीच जाऊन या, वर दालनांत शोधत फिरावं लागतं. पर्स पोटावर घ्या, मेट्रोत आणि मोनालिसापुढे खिसेकापू असतात. चौकात कोणी सहीसाठी कागद पुढे केला तर न थांबता चालत राहा. चालायचे बूट निदान महिनाभर जुने हवेत.

डोळ्यांत जीव उरला आणि घड्याळात सात वाजले नसले तरच एक आगाऊपणा करा : रिशलिए बाजू, दुसरा मजला, व्हर्मीरची ‘लेस विणणारी’. अंदाजे २४ बाय २१ सेंटिमीटर. क्वार्टर इंपीरियलपेक्षाही लहान. उशीतून ओघळणारे लाल-पांढरे धागे त्यानं रेघांनी काढलेच नाहीत, रंग नुसता सांडू दिलाय, आणि बोटांमधले दोन धागे मात्र सुईसारखे ताठ. पण तिथवरची चाल लांब आहे आणि कर्मचारी कमी असले की काही दालनं ठराविक दिवशी बंद ठेवतात. कोणती बंद आहेत ते संग्रहालयाच्या साइटवर दिलेलं असतं, आदल्या रात्री बघा. नसेल उघडं तर हळहळू नका, देनाँ सोडून जाऊ नका.

एक शेवटची व्यवस्था. लूव्रच्या कर्मचाऱ्यांनी डिसेंबर २०२५ मध्ये संप केला तेव्हा दारं बंद राहिली होती, आणि असं पुन्हा होऊ शकतं. त्यासाठी नदीपलीकडचं ओर्से संग्रहालय मनात धरून ठेवा. १९०० सालचं रेल्वे स्टेशन, १९८६ पासून संग्रहालय. मोने, देगा, व्हॅन गॉग तिथे आहेत, लूव्रपेक्षा लहान आहे आणि गुडघ्यांना सोपं. ते सोमवारी बंद असतं आणि गुरुवारी रात्री उशिरापर्यंत उघडं. टूरचे वार कळले की दोन्हींच्या सुट्ट्या एका कागदावर मांडा, आणि मग मुलाला लॅपटॉप उघडायला सांगा.